चळवळीचे गाणे आणि समाजबदल : महाराष्ट्रातील दीडशे वर्षांचा आढावा

गाण्याने समाज बदलतो का? महाराष्ट्रात हा प्रश्न कधी पुस्तकी राहिला नाही. जोतीराव फुल्यांनी १८६९ साली छत्रपती शिवाजी महाराजांवरचा पोवाडा प्रसिद्ध केला. तेव्हापासून आजच्या मराठी रॅपपर्यंत इथल्या बहुतेक परिवर्तनवादी चळवळींनी गाणे हाताशी धरले. लोकांनी ती गाणी पाठ केली, त्यांच्या पुस्तिका विकत घेतल्या, बारशापासून मोर्चापर्यंत ती म्हटली. सरकारांनी त्यांतल्या काहींवर बंदी घातली, काही गायकांना तुरुंगात टाकले. एवढा इतिहास पाठीशी असूनही गाण्याने नेमके काय साधले, यावर अभ्यासकांचे आणि कार्यकर्त्यांचे एकमत नाही. या वादाची पार्श्वभूमी काय, त्यातल्या मुख्य भूमिका कोणत्या आणि कोणते मुद्दे अजून सुटायचे आहेत, याचा हा आढावा आहे.

सुरुवातीलाच एक गोष्ट स्पष्ट केलेली बरी. 'बदल' म्हणताना प्रत्येकाच्या मनात वेगळी गोष्ट असते. माणसाचे स्वतःबद्दलचे आणि जगाबद्दलचे मत पालटणे हा एक बदल. विखुरलेली माणसे एकत्र येणे आणि टिकून राहणे हा दुसरा. कायदा, सत्ता किंवा मालकी यांत फरक पडणे हा तिसरा. या वादातले बरेचसे मतभेद हे तीन बदल एकमेकांत मिसळल्यामुळे झाले आहेत.

जलशाचा वारसा

सत्यशोधक समाजाची स्थापना २४ सप्टेंबर १८७३ रोजी पुण्यात झाली. समाजाचा विचार खेड्यात न्यायचा तर वर्तमानपत्र आणि व्याख्यान पुरेसे नव्हते, कारण ऐकणारा बहुतेक निरक्षर होता. कार्यकर्त्यांनी तमाशाचा घाट उचलला आणि त्यातून सत्यशोधक जलसा उभा राहिला. सावकारी, भिक्षुकशाही, लग्नातला वायफळ खर्च आणि शिक्षणाची गरज हे त्याचे विषय होते. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकांत हे जलसे पश्चिम महाराष्ट्रात दूरवर पोचले. पुण्यात १९२०च्या दशकात केशवराव जेधे आणि दिनकरराव जवळकर यांच्या छत्रपती मेळ्याने गणेशोत्सवातल्या मेळ्यांच्या रिंगणातच ब्राह्मणेतर पक्षाची बाजू गाऊन मांडली.

हाच घाट पुढे आंबेडकरी चळवळीने घेतला आणि त्याला वेगळी धार दिली. १९२७चा महाडचा आणि १९३०चा नाशिकच्या काळाराम मंदिराचा सत्याग्रह यांनी माणसे जागी झाली होती. नाशिक भागातल्या भीमराव कर्डकांसारख्या जलसाकारांनी ती जाग वस्तीवस्तीत नेली. या जलशाने तमाशातले काय ठेवले आणि काय टाकले, हे पाहण्यासारखे आहे. ढोलकी, डफ, तुणतुणे आणि मागे सूर धरणारे झीलकरी राहिले. गण राहिला, पण गणपतीच्या स्तुतीची जागा चळवळीच्या विचाराने घेतली. कृष्णाच्या छेडछाडीची गवळण मागे पडली. बतावणीतला सोंगाड्या राहिला आणि त्याच्या तोंडून गावकीतली जुनी समजूत वदवून घेतली जाऊ लागली. दुसरा नट ती खोडून काढी, हशा पिके, आणि हशाच्या पाठोपाठ सांगणे येई : मेलेल्या जनावराचे मांस सोडा, हलकी समजली जाणारी गावकीची कामे सोडा, मुलांना शाळेत घाला. बाबासाहेबांच्या सभेआधी जलसा ठेवण्याची पद्धत होती. आपल्या दहा भाषणांचे काम एक जलसा करतो, अशा आशयाचे त्यांचे उद्गार आंबेडकरी परंपरेत आजही आवर्जून सांगितले जातात.

लाल बावटा आणि संयुक्त महाराष्ट्र

दुसरा प्रवाह गिरणगावातला. १९४४ साली अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक उभे केले. एक वर्ष आधी मुंबईतच इप्टाची (इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशनची) स्थापना झाली होती, त्यामुळे डाव्या विचाराच्या कलावंतांचे देशव्यापी जाळे तयार होत होते. या पथकाने गिरणी कामगाराची चाळ, त्याची नोकरी, मागे राहिलेले गाव हे सारे शाहिरीत आणले. मुंबई सरकारने तमाशावर आणि या पथकाच्या कार्यक्रमांवर बंदी घातली. अण्णा भाऊंनी तमाशाला लोकनाट्याचे रूप देऊन वाट काढली.

संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात ही शाहिरी शिखरावर पोचली. त्या काळातली अण्णा भाऊंची 'माझी मैना गावावर राहिली' ही छक्कड जवळून पाहिली तर चळवळीचे गाणे कसे काम करते ते कळते. ती सुरू होते एका साध्या कामगाराच्या विरहाने. पोटासाठी मुंबईला आलेला नवरा गावी राहिलेल्या बायकोची आठवण काढतो. गिरणगावातल्या हजारो माणसांचे घर असेच दोन ठिकाणी तुटलेले होते, म्हणून पहिल्या कडव्यातच ऐकणारा त्यात सापडतो. मग हळूहळू मुंबईचे श्रीमंती आणि दारिद्र्याचे चित्र उलगडते, आणि शेवटाकडे ताटातूट भूगोलाची होते. बेळगाव, कारवार, डांग, उंबरगाव हे भाग महाराष्ट्रापासून तुटल्याचे दुःख त्याच सुरात येते. राजकीय मागणी कोणी वरून लादलेली वाटत नाही, कारण तिच्याखाली ऐकणाऱ्याचे स्वतःचे दुःख आधीच अंथरलेले असते.

१ मे १९६० रोजी मुंबईसह महाराष्ट्र झाला. शंभराहून अधिक माणसांनी त्यासाठी प्राण दिले. बेळगाव आणि कारवार मात्र कर्नाटकात राहिले, डांग आणि उंबरगाव गुजरातेत गेले.

छप्पन्ननंतर

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात धम्मदीक्षा झाली आणि ६ डिसेंबरला बाबासाहेब गेले. जलशाची जागा हळूहळू गायन पार्ट्यांनी, भीमगीतांनी आणि कव्वालीच्या सामन्यांनी घेतली. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीत १९२२ साली जन्मलेले वामनदादा कर्डक या काळाचे सर्वांत मोठे नाव. हजारो गीते त्यांनी रचली आणि २००४ साली निधन होईपर्यंत गावोगाव फिरून गायली. या परंपरेतले अनेक कवी चित्रपटगीतांच्या चालींवर शब्द बसवत. त्यामागे रोकडा विचार होता : चाल लोकांच्या कानात आधीच असते, शिकवावे लागतात ते फक्त शब्द.

१९७२ साली दलित पँथर आली. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाड्यात दलित वस्त्यांवर हल्ले झाले. प्रत्यक्ष नामविस्तार १४ जानेवारी १९९४ रोजी झाला. मधल्या सोळा वर्षांत पोचिराम कांबळेंसारख्या शहिदांची नावे गाण्यांतून वस्त्यांपर्यंत पोचत राहिली. याच सुमारास स्त्रीमुक्ती चळवळीनेही गाणे आणि नाटक जोडले. ज्योती म्हापसेकरांचे 'मुलगी झाली हो' १९८३ साली आले आणि चौकाचौकांत झाले. पुढे आव्हान नाट्य मंचातून विलास घोगरे, संभाजी भगत असे शाहीर पुढे आले. २००२च्या गुजरात दंगलींनंतर पुण्यात कबीर कला मंच सुरू झाला.

पहिली भूमिका : गाणे हीच शाळा

गाण्याने माणसाचे मन प्रत्यक्ष बदलते, असे मानणारी ही भूमिका. तिचा आधार भक्कम आहे. १९६१च्या जनगणनेत देशातल्या अनुसूचित जातींमधली साक्षरता दहा टक्क्यांच्या आसपास होती. त्याआधीच लाखोंनी धर्मांतर केले होते, पिढ्यान्‌पिढ्यांच्या चालीरीती टाकल्या होत्या. छापील शब्द फार थोड्यांच्या हाती असताना एवढा विचार पोचला, तो बोललेल्या आणि गायलेल्या शब्दामुळे, असे या भूमिकेचे म्हणणे. गेल ऑम्व्हेट यांनी १९७६ साली प्रसिद्ध झालेल्या ब्राह्मणेतर चळवळीच्या अभ्यासात खेड्यांतल्या प्रसाराचे श्रेय मोठ्या प्रमाणात जलशांना दिले. कृष्णा किरवले यांनी आंबेडकरी शाहिरीवर केलेले संशोधनही याच बाजूला बळ देते.

मर्यादा अशी, की त्याच काळात गिरण्यांतली नोकरी, लष्कर, रेल्वे, वसतिगृहे आणि बाबासाहेबांचे प्रत्यक्ष नेतृत्व हे सारे घडत होते. यांतून गाण्याचा वाटा वेगळा काढणे अवघड आहे.

दुसरी भूमिका : गाणे जोडून ठेवते

गाणे नवे लोक क्वचितच आणते, आधीच पटलेल्यांना ते एकत्र ठेवते, असे दुसऱ्या भूमिकेचे म्हणणे. १९६०च्या दशकातल्या अमेरिकी निषेधगीतांवर सर्ज डेनिसॉफ यांनी केलेले काम या बाजूने नेहमी सांगितले जाते. एका गाजलेल्या गाण्याचा आशय विद्यार्थ्यांना कितपत कळला, हे त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्याने तपासले तेव्हा बहुतेकांना तो पूर्ण उमगलाच नसल्याचे दिसले. रेडिओवर ऐकलेले गाणे आणि मोर्चात म्हटलेले गाणे यांत म्हणूनच फरक करायला हवा.

महाराष्ट्रात या भूमिकेचे सर्वांत बोलके उदाहरण नामांतराचे आहे. विरोधकांचे मन गाण्यांनी वळवले असे दिसत नाही. पण सोळा वर्षे मागणी जिवंत ठेवणे, मार खाल्लेल्या गावांना एकटे पडू न देणे हे काम गाण्यांनी केले. या भूमिकेला काही जण कमी लेखतात, ते योग्य नाही. हरत असलेल्या माणसांना पुढच्या वर्षीही उभे ठेवणे हे चळवळीतले सर्वांत कठीण काम आहे.

तिसरी भूमिका : गाणे राग जिरवते

गाण्याने राग व्यक्त होतो आणि तिथेच संपतो, बाजार त्याला गिळतो, अशी तिसरी भूमिका. जर्मन विचारवंत थिओडोर अडोर्नो यांनी व्हिएतनाम युद्धाविरोधातल्या लोकप्रिय गाण्यांवर हाच आक्षेप घेतला होता : करमणुकीच्या घाटात बसवलेले दुःख उपभोगाची वस्तू होते. आपल्याकडे कॅसेटचा काळ आला तेव्हापासून असाच सूर आंबेडकरी चळवळीच्या आतून ऐकू येतो. जयंतीच्या मिरवणुकीतल्या डीजेवर गौरवगीते वाढली आणि प्रश्न विचारणारी गाणी मागे पडली, असे जुने शाहीर सांगतात.

दुसरी बाजूही ऐकायला हवी. ६ डिसेंबरला दादरच्या शिवाजी पार्कवर लागणाऱ्या दुकानांत गाण्यांच्या पुस्तिका, कॅसेट आणि पुढे सीडी वर्षानुवर्षे विकल्या गेल्या. त्यांच्या शेजारीच वैचारिक पुस्तकांचे गठ्ठे असतात आणि एकच माणूस दोन्ही घेऊन जातो. हा बाजार लोकांनी स्वतः उभा केलेला आहे. औरंगाबादच्या कडूबाई खरात यांच्यासारख्या एकतारीवर गाणाऱ्या बाईचा आवाज मोबाइलवरून घराघरात पोचला, तो कोणत्याही संघटनेच्या व्यासपीठाशिवाय. बाजार आणि चळवळ यांतली रेघ वाटते तितकी सरळ नाही.

चौथी भूमिका : कोण कोणाबरोबर गातो

अलीकडचे अभ्यास प्रश्नच वेगळ्या रीतीने मांडतात. रॉन आयरमन आणि अँड्र्यू जेमिसन यांनी १९९८च्या पुस्तकात दाखवले, की चळवळ ओसरली तरी तिचे गाणे स्मृती म्हणून उरते आणि पुढची चळवळ त्यातून भांडवल उभे करते. विल्यम रॉय यांनी २०१० साली अमेरिकेतल्या दोन प्रयत्नांची तुलना केली. डाव्या पक्षांनी लोकसंगीत मंचावरून लोकांपर्यंत नेले, तरी त्यांचा पाया विस्तारला नाही. नागरी हक्क चळवळीत गाणे सभेत, मोर्चात आणि कोठडीत सर्वांनी मिळून म्हटले, आणि ते लढ्याचाच भाग झाले. रॉय यांच्या मते गाण्याचा परिणाम त्याच्या शब्दांपेक्षा ते कोण, कोणाबरोबर आणि कोणते काम करताना गातो यावर ठरतो.

शर्मिला रेगे यांनी २००२ साली लावणी आणि पोवाडा यांच्यावर लिहिताना याच दिशेने महाराष्ट्राचा इतिहास तपासला. कोणता प्रकार प्रतिष्ठित ठरला, कोणता अश्लील ठरला आणि त्यामागे जातीचे कोणते हितसंबंध होते, हे त्यांनी मांडले. शैलजा पाईक यांचे २०२२ मधले पुस्तक आणखी पुढे जाते. तमाशातल्या दलित स्त्रियांना चळवळीच्या नव्या प्रतिष्ठेत जागा मिळाली नाही, हे ते दाखवून देते. जलशाने तमाशाचा घाट घेतला, पण तमाशात नाचणारी बाई बाहेर राहिली. म्हणजे माणुसकी मागणाऱ्या गाण्यानेही काही माणसांना वगळले, आणि हा प्रश्न आढाव्यातून टाळता येत नाही.

पुरावा कुठे शोधायचा

या चारही भूमिकांची मोठी अडचण पुराव्याची आहे. जलशांचे ध्वनिमुद्रण झाले नाही. पुस्तिका हलक्या कागदावर छापल्या गेल्या आणि बऱ्याचशा नाहीशा झाल्या. श्रोत्यांना काय वाटले हे कोणी लिहून ठेवले नाही.

तरी एक विलक्षण साठा उपलब्ध आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हँ यांच्या पुढाकाराने महाराष्ट्रातल्या गावागावांतून जात्यावरच्या लाखाहून अधिक ओव्या गोळा झाल्या, आणि आता 'पारी' या ग्रामीण भारताच्या संग्रहातून त्या लोकांसमोर येत आहेत. त्यांत बाबासाहेबांवरच्या ओव्याही आहेत. या बायका कोणत्याही पथकात नव्हत्या. पहाटे दळताना, समोर कोणी ऐकायला नसताना, त्यांनी बाबासाहेबांना भाऊ मानले, बाप मानले, त्यांच्या शिक्षणाचा आणि संविधानाचा अभिमान आपल्या शब्दांत बांधला. शाळेत न गेलेल्या बाईने चळवळीचा विचार स्वतःच्या छंदात नव्याने रचणे, हा ऐकणारा बदलल्याचा आपल्या हाती असलेला सर्वांत विश्वासार्ह पुरावा आहे. पहिल्या प्रकारचा बदल, माणसाच्या स्वतःबद्दलच्या मताचा, इथे उघड दिसतो.

तिसऱ्या प्रकारच्या बदलाबद्दल मात्र संयुक्त महाराष्ट्राचे उदाहरण सावध करते. मुंबईसाठी आणि बेळगावसाठी तेच शाहीर, त्याच चाली, तोच आवेश होता. मुंबई मिळाली, बेळगाव मिळाले नाही. निकालातला हा फरक गाण्यातून समजावता येत नाही. त्यासाठी निवडणुकीचे गणित, केंद्र सरकारची भूमिका आणि शेजारच्या राज्यांचे दावे पाहावे लागतात.

बंदी, खटले आणि गायकाची किंमत

सरकार बंदी घालते यावरून गाण्यात ताकद आहे हे सिद्ध होते, असा युक्तिवाद नेहमी केला जातो. तो अर्धाच खरा आहे. बंदीवरून सत्तेची भीती कळते, गाण्याचा परिणाम कळत नाही. चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट' (२०१४) या चित्रपटाने ही गुंतागुंत नेमकी पकडली. त्यात एका लोकशाहिराच्या गाण्याने सफाई कामगाराला आत्महत्येस प्रवृत्त केले, असा आरोप ठेवला जातो. गाण्याची ताकद अमर्याद मानणारे चाहते आणि आरोप ठेवणारे सरकार एकाच गृहीतकावर उभे असल्याचे तिथे दिसते.

कायद्याने या बाबतीत काही रेषा आखल्या आहेत. केदारनाथ सिंह खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६२ सालीच राजद्रोहासाठी हिंसेची चिथावणी किंवा सार्वजनिक शांतता बिघडवण्याचा कल आवश्यक मानला. मार्च २०२५ मध्ये खासदार इम्रान प्रतापगढी यांच्या विरोधातला कवितेवरून नोंदलेला गुन्हा रद्द करताना न्यायालयाने अभिव्यक्तीच्या रक्षणाची जबाबदारी पुन्हा अधोरेखित केली. प्रत्यक्षात मात्र निकाल लागेपर्यंतचा काळच शिक्षा ठरतो. कबीर कला मंचाच्या कलावंतांवर बेकायदा कारवाया प्रतिबंधक कायद्याखाली गुन्हे दाखल झाले. २०१३ साली शीतल साठे आणि सचिन माळी विधान भवनासमोर गाणे गात पोलिसांच्या स्वाधीन झाले. २०२३ साली मराठी रॅप गाण्यांवरूनही महाराष्ट्रात गुन्हे नोंदले गेले.

किंमत केवळ सरकारमुळेच मोजावी लागते असे नाही. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलीस गोळीबारात दहा जण गेले. काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आपले जीवन संपवले. आनंद पटवर्धन यांच्या 'जय भीम कॉम्रेड'ने त्यांच्या आयुष्यातून वर्ग आणि जात, लाल आणि निळा यांच्यातला ताण समोर आणला. गायकाला संघटना जेवढे वापरते, तेवढे सांभाळते का, हा प्रश्न त्या चित्रपटानंतर चळवळींना टाळता आलेला नाही.

अजून न सुटलेले

पहिला प्रश्न मोबाइलचा. लाखो वेळा पाहिले गेलेले गाणे आणि दोनशे माणसांनी एकत्र म्हटलेले गाणे यांची तुलना कशी करायची? एकट्याने ऐकलेल्या गाण्यातून संघटना उभी राहते का, याचे मराठीतले अभ्यास फार थोडे आहेत.

दुसरा प्रश्न गाणे आणि संघटना यांच्या क्रमाचा. सत्यशोधक आणि आंबेडकरी जलशांमागे ठोस कार्यक्रम होता : शाळा, वसतिगृह, सत्याग्रह. संघटना क्षीण झाल्यावर गाणे तिची जागा घेऊ शकते, की आठवण म्हणून उरते, यावर मतभेद आहेत.

तिसरा प्रश्न विरोधी उपयोगाचा. द्वेष पसरवणारी गाणीही तेवढीच चालतात, त्यांनाही चाल आणि झील असते. परिवर्तनाच्या गाण्याची ताकद मानायची तर तीच ताकद उलट्या दिशेने काम करते हेही मानावे लागेल, आणि तिचाही अभ्यास करावा लागेल.

चौथा प्रश्न स्त्रियांचा. ओवी रचणाऱ्या आणि तमाशात नाचणाऱ्या बायकांना चळवळीच्या संगीताच्या इतिहासात बरोबरीची जागा देऊन तो इतिहास अजून लिहिला जायचा आहे.

आढाव्याचा निष्कर्ष

आजच्या पुराव्यावरून तीन गोष्टी खात्रीने म्हणता येतात. महाराष्ट्रात गाण्याने माणसांची स्वतःबद्दलची समजूत बदलली, आणि ओव्या त्याची साक्ष देतात. गाण्याने चळवळी पडत्या काळात टिकवल्या. कायदा आणि सत्ता यांत मात्र एकट्या गाण्याने बदल घडवल्याचे उदाहरण सापडत नाही. जिथे बदल झाला तिथे गाण्यामागे संघटना आणि कार्यक्रम होता, आणि ऐकणारे स्वतः गाणारे झाले होते.

यापुढचे काम निकडीचे आहे. जलसे पाहिलेली पिढी जवळजवळ गेली, गायन पार्ट्यांची पिढी सत्तरीपलीकडे पोचली आहे. त्यांच्या वह्या, पुस्तिका आणि चाली विद्यापीठांनी, लोकसंस्थांनी आणि कुटुंबांनी मिळून आत्ताच जतन केल्या पाहिजेत. गाण्याने काय बदलले हे ज्यांच्यावर बदल घडला त्यांनाच विचारून लिहिता येईल, आणि त्यासाठी हाताशी फार वर्षे उरलेली नाहीत.